स्टेशनवरची पावती: टॅक्सीवाला कोर्टात गेला तर?

(ज्यांना ऐकायला वेळ नाही किंवा नेट नाही, त्यांच्यासाठी या भागाचं बोलणं इथे लिहून देतो आहे. बोललो तसंच ठेवलंय, फक्त खोकला काढलाय.)

कारध्यावरून बोलतो आहे. मागे पावसाचा आवाज येईल. वर टिनाचं छत आहे, तेवढं सांभाळून घ्या.

मागच्या आठवड्यात मला तीन फोन आले. तिन्ही गाडीवाल्यांचे, आणि तिघांचा प्रश्न एकच. त्यातल्या एकाच्या शब्दांत सांगतो: "भाऊ, स्टेशनवर सवारी सोडाले गेलो का पार्किंगची पावती फाडते. उभा राहिलो तरी फाडते, नाही राहिलो तरी फाडते. आमी समदे मिळून कोर्टात गेलो तं जिंकू का?"

मी वकील नाही, हे आधीच सांगतो. मी बारा वर्षं गाडी चालवली. आधी दुसऱ्याची, मग कर्ज काढून स्वतःची. पण या पावतीच्या नादाने मी बरंच वाचलं, दोन वकिलांच्या पायऱ्या झिजवल्या. एकाने फी घेतली नाही, एकाने घेतली. जे कळलं ते आज तुमच्यापुढे मांडतो. गोड बोलणार नाही, कारण कोर्टात गोड बोलून काही होत नाही.

सुरुवात माझ्यापासूनच करतो. कोणतं स्टेशन, ते सांगत नाही. पहाटेची गाडी होती. सवारी म्हणजे आपल्याच बाजूची एक म्हातारी माय आणि तिचा नातू. नागपूरला दवाखान्यात तपासणी होती. नातू असेल दहावी-अकरावीचा. तिला चालवत नव्हतं. व्हीलचेअर शोधली, मिळाली नाही. मग एका बाजूने नातवाने धरलं, एका बाजूने मी. पुलावरून पलीकडच्या फलाटावर नेलं, डब्यात बसवलं, पिशवी वर ठेवली. परत आलो तेव्हा वीस-बावीस मिनिटं झाली असतील. पाहतो तर चाकाला जॅमर! शेजारी एक पोरगा, गळ्यात ओळखपत्र उलटं लटकलेलं. म्हणाला पाचशे. मी म्हणालो, बाबा, माझं भाडंच साडेतीनशेचं आहे. शेवटी तीनशेवर मिटलं. पावती मागितली तर म्हणे, पावती पाहिजे तर पाचशे. [हसतो]

आज हसू येतं. त्या दिवशी आलं नव्हतं. डिझेल जाऊन हातात काहीच उरलं नाही, उलट खिशातले गेले. घरी सांगितलंही नाही.

आता जे रोजचं आहे त्याचा हिशोब करू. समजा एका वेळेचे चाळीस रुपये, आणि दिवसाला तीन खेपा. एकशेवीस झाले. महिन्याचे सव्वीस दिवस धरा, तीन हजार एकशेवीस. ज्याच्या गाडीचा हप्ता आठ-नऊ हजारांचा आहे, त्याला हे तीन हजार म्हणजे काय, ते मी सांगायची गरज नाही. सवारीकडून घ्या म्हणणारे पुष्कळ भेटतात. सवारी म्हणते, ठरलं तेवढंच देईन. आणि आपल्याकडे सवारी म्हणजे कोण? अर्धे ओळखीचे, अर्धे नात्यातले.

बाहेरगावचे श्रोते विचारतील, स्टेशनवर टॅक्सीच कशाला लागते? तर थोडा भूगोल सांगतो. भंडारा जिल्ह्याचं ठिकाण आहे, पण भंडारा शहराचं मोठं स्टेशन शहरात नाही. ते वरठीला आहे. नाव 'भंडारा रोड'. रेल्वेच्या भाषेत नावाला 'रोड' लागलं की समजायचं, गाव इथे नाही, इथून रस्त्याने गावाला जायचंय. आपल्याच लाइनवर तुमसर रोड आहे, तिथेही तेच. १८८० नंतरच्या काही वर्षांत नागपूरहून छत्तीसगडकडे जाणारी मीटर गेजची लाइन टाकली गेली. पुढे बंगाल नागपूर रेल्वेने ती घेऊन रुंद केली. लाइन शहराला बगल देऊन गेली, आणि तेव्हापासून आजपर्यंत स्टेशन आणि शहर यांच्यामधल्या त्या अंतरावर कितीतरी घरांची चूल पेटते आहे. आधी दमण्या, टांगे, मग काळी-पिवळी, आता ऑटो, इको, ई-रिक्षा. आम्ही कारध्याचे तर वैनगंगेच्या या काठचे. आधी पूल ओलांडा, मग भंडारा, मग वरठी. पहाटेच्या गाडीला ना एसटी, ना काही. म्हणजे टॅक्सी ही इथे चैन नाही, ती रेल्वेच्या तिकिटाचाच पुढचा तुकडा आहे असं म्हणा ना.

भंडारा रोड आता अमृत भारत स्टेशन योजनेत आहे. या योजनेत स्टेशनच्या दर्शनी भागाचं, वाहनं येण्या-जाण्याच्या जागेचं, पार्किंगचं काम होतं. चांगलंच आहे. पण जागा नवी झाली की तिचा ठेकाही नवा होतो, म्हणून हा प्रश्न आज विचारलेला बरा. उद्या ठेका निघाल्यावर विचारला तर उत्तर तेच असेल, पण उशीर झालेला असेल. उशिराचं कोर्टात काय होतं, ते पुढे येईल.

आता मूळ मुद्दा. ही पावती म्हणजे नेमकं काय आहे? कर आहे, फी आहे, का भाडं आहे? सगळी केस या एका शब्दावर उभी राहते किंवा पडते. आमच्यातले बहुतेक गाडीवाले इथेच घसरतात, मीही घसरलो होतो.

मी पहिल्या वकिलाकडे मोठ्या तोऱ्यात गेलो होतो. संविधानाचं कलम २६५ पाठ करून गेलो होतो: कायद्याच्या अधिकाराशिवाय कोणताही कर बसवता येत नाही, वसूल करता येत नाही. शिवाय फीबद्दलही वाचलं होतं. १९५४ सालचा शिरूर मठाचा निकाल आहे सुप्रीम कोर्टाचा. त्यात कर आणि फी यांतला फरक सांगितलाय. कर सगळ्यांच्या कामासाठी असतो, फी घ्यायची तर बदल्यात काही सेवा द्यावी लागते. आणि १९९२ सालचा अहमदाबादच्या नगरविकास प्राधिकरणाचा निकाल: कायद्यात स्पष्ट अधिकार दिलेला नसेल तर फीसुद्धा लावता येत नाही. मी म्हणालो, वकीलसाहेब, रेल्वे मला काय सेवा देते? सावली नाही, पाणी नाही, माझ्या गाडीची काच फुटली तर 'वाहन मालकाच्या जबाबदारीवर' असं पावतीवरच छापलंय!

वकिलांनी चहा संपवला आणि विचारलं, "तुझ्या घराच्या अंगणात कुणी रोज गाडी लावली आणि तू त्याच्याकडून पैसे घेतले, तर तो कर होतो का?"

बसलो गप्प.

रेल्वेचं म्हणणं तेच असतं. ही आमची जमीन आहे. त्यावर गाडी उभी करायची परवानगी आम्ही देतो, तिचे पैसे घेतो. हा कर नाही, कायद्याने लावलेली फीही नाही, हा जागा वापरण्याचा मोबदला आहे. आणि या म्हणण्याला कोर्टात वजन आहे. १९६९ साली सुप्रीम कोर्टापुढे रेल्वे बोर्ड विरुद्ध निरंजन सिंग अशी केस होती. रेल्वेच्या आवारात कामगारांच्या सभा घेण्याचा प्रश्न होता. कोर्टाने म्हटलं, बोलण्याचं, जमण्याचं स्वातंत्र्य आहे खरं, पण ते दुसऱ्याच्या मालकीच्या जागेत जाऊन वापरायचा हक्क त्यातून मिळत नाही. जे सभेला लागू, ते धंद्याला कसं लागू नाही, असं रेल्वेचा वकील विचारणारच.

१९८९ चा सोदन सिंगचा निकाल फेरीवाल्यांचा आहे, दिल्लीचा. पाच न्यायाधीशांचं घटनापीठ. फुटपाथवर धंदा करणं हा कलम १९ खालचा हक्क आहे, असं त्यांनी मानलं. पण त्याच दमात सांगितलं की अमुकच जागेवर कायम बसेन असा हक्क कुणाला नाही. आमच्या लोकांचं म्हणणं नेमकं तेच असतं: "माह्या बाप बी इथंच उभा राहे." दया येण्यासारखं आहे हे. हक्क मात्र यातून सिद्ध होत नाही.

हा वाद भारतातलाच आहे असंही नाही. आगगाडी जिथे गेली तिथे हा वाद गेला. स्कॉटलंडमध्ये पर्थ नावाचं गाव आहे. तिथला एक हॉटेलवाला आपल्या पाहुण्यांना घ्यायला स्टेशनात यायचा. स्टेशन चालवणाऱ्यांनी त्याला मज्जाव केला. प्रकरण थेट लंडनला हाउस ऑफ लॉर्ड्सपर्यंत गेलं, १८९७ साली. निकाल स्टेशनच्या बाजूने लागला: प्रवाशाला यायचा हक्क आहे, त्याच्यावर धंदा करणाऱ्याला तो हक्क आपोआप मिळत नाही.

मग अमेरिका. १९०५ साली शिकागोच्या स्टेशनची केस तिथल्या सुप्रीम कोर्टात गेली. रेल्वेने एकाच गाडीवाल्या कंपनीला स्टेशनच्या आत उभं राहायचा मक्ता दिला होता. बाकीचे बग्गीवाले भांडले. कोर्टाने आतला मक्ता कायम ठेवला. पण एक गोष्ट वेगळी सांगितली, ती लक्षात ठेवा: स्टेशनसमोरचा सार्वजनिक रस्ता रेल्वेचा नाही. तिथे वाहतूक अडवली नाही, प्रवाशांची वाट अडवली नाही, तर बाकीच्या गाडीवाल्यांना हटवता येणार नाही. आत आणि बाहेर. या दोन शब्दांवर आपण परत येणार आहोत.

अमेरिकेतली दुसरी गोष्ट मला फार आवडते. केंटकी राज्यात बोलिंग ग्रीन नावाचं गाव आहे. तिथे दोन टॅक्सी कंपन्या होत्या, एक 'ब्राउन अँड यलो' आणि दुसरी 'ब्लॅक अँड व्हाइट'. आपली काळी-पिवळी, त्यांची काळी-पांढरी. रेल्वेने ब्राउन-यलोला स्टेशनवरचा मक्ता दिला, तरी ब्लॅक-व्हाइटवाले सवारी उचलतच राहिले. आता केंटकीच्या कोर्टांचं मत होतं की असला मक्ता चालणार नाही, तो लोकहिताविरुद्ध आहे. मग ब्राउन-यलोवाल्यांनी काय करावं? त्यांनी केंटकीतली कंपनी गुंडाळली आणि शेजारच्या टेनेसी राज्यात त्याच नावाने नवी नोंदवली. मालक तेच, गाड्या त्याच. का, तर 'आम्ही परराज्याचे' म्हणून केंद्रीय कोर्टात जाता यावं, कारण तिथे केंटकीचा नियम मोजत नसत. आणि १९२८ साली ते सुप्रीम कोर्टात जिंकले! तीन न्यायाधीश विरोधात गेले. त्यांच्या वतीने होम्स नावाच्या म्हाताऱ्या न्यायाधीशाने विरोधी मत लिहिलं, की राज्याचा कायदा राज्याच्या कोर्टाने ठरवलाय, तुम्ही वरून दुसरा कायदा कुठून आणता? दहा वर्षांनी, १९३८ साली, दुसऱ्याच एका केसमध्ये सुप्रीम कोर्टाने होम्सचंच म्हणणं स्वीकारलं. एका गावातल्या टॅक्सी स्टँडच्या भांडणाने तिथल्या कायद्याच्या पुस्तकात घर केलं. विद्यार्थी आजही ते शिकतात.

माझ्या ओळखीच्या एका ड्रायव्हरला ही गोष्ट सांगितली तर तो म्हणाला, "म्हणजे आपण छत्तीसगडचं पासिंग करून घ्यावं का?" नाही बाप्पा. आपल्याकडे तसं चालत नाही, टॅक्सही दुप्पट लागेल.

बरं, मग मार्ग आहे का? मला वाटतं, आहे. पण तो 'फी रद्द करा' या घोषणेतून जात नाही.

रेल्वे घरमालकासारखी आहे हे मान्य केलं, तरी ती साधी घरमालक नाही. ती सरकार आहे, संविधानाच्या कलम १२ मध्ये बसणारी. आणि सरकारला आपल्या अंगणातसुद्धा मनमानी करता येत नाही. याचा सगळ्यात मोठा निकाल आपल्या महाराष्ट्रातल्याच जागेचा आहे. १९७९, रमणा दयाराम शेट्टी विरुद्ध आंतरराष्ट्रीय विमानतळ प्राधिकरण. मुंबई विमानतळावर एक उपाहारगृह आणि दोन स्नॅक बार चालवायचा ठेका होता. निविदेत अनुभवाची अट होती, आणि ज्याला ठेका मिळाला तो ती अट पूर्ण करत नव्हता. सुप्रीम कोर्टाने म्हटलं, सरकारी संस्था ठेके देताना, सवलती देताना, स्वतःच घालून दिलेल्या अटी पाळायला बांधील आहे, आणि तिने समानतेने वागलं पाहिजे. आज देशात ठेक्यावरून जितके खटले होतात, त्यांत या निकालाचं नाव निघतंच निघतं.

आणि अर्जदाराला काय मिळालं? काहीच नाही. त्याने यायला उशीर केला होता. तोवर ठेकेदाराने पैसे घालून काम सुरू केलं होतं, म्हणून तत्त्व मान्य झालं आणि याचिका फेटाळली गेली. मघाशी उशिराचं बोललो ते हेच.

आता हा निकाल आपल्या पावतीला लावून पाहू. स्टेशनच्या पार्किंगचा ठेका रेल्वेचं डिव्हिजन देतं. आपलं डिव्हिजन नागपूर, झोन दक्षिण पूर्व मध्य रेल्वे, मुख्यालय बिलासपूर. २०२२ पासून असे ठेके ऑनलाइन लिलावाने द्यायला सुरुवात झाली आहे. प्रत्येक ठेक्याला अटी असतात: जागा किती, दर किती, सवारी सोडायला आलेल्याला किती मिनिटं फुकट, फलक कुठे लावायचा. ठेकेदार त्या अटींना बांधलेला आहे, आणि अटी पाळून घ्यायला रेल्वे बांधलेली आहे. ठरलेल्या दरापेक्षा जास्त घेतले, नकाशाबाहेरच्या जागेवर घेतले, फुकटच्या मिनिटांत घेतले, पावती दिली नाही, तर ही जमीनमालकाची वसुली राहत नाही. इथे याचिकेला दात येतात.

नकाशाबाहेरची जागा म्हणजे मघाचंच, आत आणि बाहेर. १९५४ सालच्या सगीर अहमदच्या निकालात सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की सार्वजनिक रस्त्यावर वाहन चालवण्याचा हक्क प्रत्येक नागरिकाचा आहे, अर्थात सरकारच्या नियमांच्या अधीन राहून. तेव्हा आपली गाडी जिथे उभी असताना पावती फाडली, ती जागा रेल्वेची का ग्रामपंचायतीची, का बांधकाम विभागाची? कितीतरी स्टेशनांवर ठेकेदाराचा पोरगा गेटच्या बाहेर, रस्त्यावर खुर्ची टाकून बसतो. त्या रस्त्यावर वाहनं कुठे उभी राहतील, हे मोटार वाहन कायद्याच्या कलम ११७ प्रमाणे राज्य सरकार किंवा त्याने नेमलेला अधिकारी ठरवतो, स्थानिक संस्थेशी सल्लामसलत करून. ठेकेदाराचा तिथे काही संबंध नाही.

आणि जॅमर! माझा दुखरा भाग. मोटार वाहन कायद्याचं कलम १२७ मी तीनदा वाचलं. सार्वजनिक ठिकाणी वाहन दहा तास किंवा जास्त बेवारस सोडलं असेल, किंवा मनाई असलेल्या जागी लावलं असेल, तर ते उचलून न्यायचा किंवा चाकाला क्लॅम्प लावायचा आदेश कोण देऊ शकतो? गणवेशातला, त्या हद्दीचा पोलीस अधिकारी. गळ्यात उलटं ओळखपत्र घातलेला पोरगा नाही. रेल्वेचा वकील म्हणेल की स्टेशनचं आवार हे या कायद्याच्या अर्थाने 'सार्वजनिक ठिकाण' नाहीच. ठीक आहे, म्हणू दे. मग त्यालाच विचारा, कोणत्या कायद्याने जॅमर लावलात? रेल्वे कायदा १९८९ चं कलम १५९ गाडीवाल्यांसाठीच आहे: रेल्वेच्या आवारात रेल्वे कर्मचाऱ्याचा किंवा पोलिसाचा वाजवी आदेश पाळला नाही तर एक महिन्यापर्यंत कैद किंवा पाचशे रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. नीट ऐका. आदेश कर्मचाऱ्याचा किंवा पोलिसाचा पाहिजे, आणि तो वाजवी पाहिजे. शिवाय दंड कोर्ट ठरवतं. जागेवर उभं राहून 'पाचशे काढ' असं त्यात कुठेच लिहिलेलं नाही. त्या पहाटे हे मला माहीत असतं तर... तरी तीनशे दिले असते, खरं सांगतो. परतीची सवारी उभी होती.

याच्या उलट टोलचं पाहा. आम्ही नागपूरकडे गेलो तर माथनीचा नाका, साकोलीकडे गेलो तर सेंदुरवाफ्याचा. टोल कुणाला आवडतो? पण त्याला २००८ चे केंद्राचे नियम आहेत, राजपत्रात छापलेले. दर कसा काढायचा तेही त्यात आहे. त्यातही टॅक्सीवाला मागेच आहे. नाक्यापासून वीस किलोमीटरच्या आत राहणाऱ्याला जो स्वस्त मासिक पास मिळतो, तो खाजगी, धंद्याला न लावलेल्या गाडीला. पिवळ्या पाटीच्या गाडीला नाही. ज्याची गाडी शौकाची त्याला सूट, ज्याची पोटाची त्याला नाही. असो, हा वेगळ्या भागाचा विषय.

विमानतळांवर हाच वाद आणखी कडक आहे. २०२४ साली गोव्यात पेडण्याच्या टॅक्सीवाल्यांनी मोपा विमानतळाच्या शुल्कावरून आंदोलन केलं, बोलणी थेट मुख्यमंत्र्यांपर्यंत गेली. कोर्टाआधी रस्ता, आणि रस्त्यानंतर चर्चा. गोव्यात टॅक्सीवाले एकजूट आहेत, त्यांचं वजन पडतं. आपल्याकडे स्टेशनवर नंबर कुणाचा, यावरूनच सकाळी भांडण होतं. हे मी आपल्यातलाच म्हणून बोलतो, राग मानू नका.

आणि राग येईल असं आणखी एक सांगतोच. कोर्टात जायच्या आधी स्वतःची कागदपत्रं पाहा. आपल्यापैकी बहुतेकांचं परमिट कॉन्ट्रॅक्ट कॅरेजचं आहे. म्हणजे एक गिऱ्हाईक, एक करार, इथून तिथे. आपण काय करतो? सीटप्रमाणे सवारी भरतो, एक वरठीला चढवतो, दुसरा मध्येच उतरवतो. कायद्यात ते टप्पा वाहतुकीत जातं. मला माहीत आहे, सीटप्रमाणे भरलं नाही तर गरीब माणूस प्रवासच करू शकणार नाही. पण तुम्ही 'रेल्वे नियम मोडते' म्हणून उभे राहाल आणि समोरचा तुमच्याच चालानांची थप्पी न्यायाधीशांपुढे ठेवेल. रिट याचिकेत स्वच्छ हाताने यावं लागतं. फिटनेस, विमा, परमिट, बॅज, सगळं चालू असलेले चार-पाच जण पुढे करा. आवाज मोठा असलेले मागे बसू द्या. [हसतो]

फोनवर तिघांनाही मी जे सांगितलं ते असं. लगेच वकिलाकडे पळू नका, आधी दहा रुपये खर्च करा. माहिती अधिकाराचा अर्ज, डिव्हिजनच्या जनमाहिती अधिकाऱ्याच्या नावे. त्यात लांबलचक भाषण नको. 'आमच्यावर अन्याय होत आहे' हा प्रश्न नाही, त्याला कुणी उत्तर देणार नाही. मागायचं ते कागद मागा. पार्किंगच्या कराराची प्रत. मंजूर दरपत्रक. जागेचा मोजमापासह नकाशा. सवारी सोडण्यासाठी किती मिनिटं मोफत, त्याचा आदेश. जॅमर लावण्याची परवानगी दिली असल्यास तिची प्रत. गेल्या वर्षभरात ठेकेदाराला केलेल्या दंडाचा तपशील. तीस दिवसांत उत्तर द्यायचं बंधन आहे. नाही आलं तर पुढच्या तीस दिवसांत पहिलं अपील.

तोवर पावत्या जमवा. एकही फेकू नका. थर्मल कागदाची पावती महिनाभरात कोरी होते, म्हणून त्याच दिवशी मोबाइलवर फोटो काढा. गाडी कुठे उभी होती तेही फोटोत येऊ द्या, मागे फलक किंवा गेट दिसेल असं. पावती नाकारली तर वेळ लिहून ठेवा. हे सगळं जमलं की आधी डिव्हिजनला लेखी निवेदन, पोच घेऊन. कारण उच्च न्यायालय पहिला प्रश्न हाच विचारतं: तुम्ही त्यांच्याकडे गेला होतात का? त्यांनी दाद दिली नाही तर कलम २२६ खाली नागपूर खंडपीठ. आपलं भाग्य म्हणा की त्यासाठी मुंबईला जावं लागत नाही.

माझ्यातल्या ड्रायव्हरला वाटतं, पावतीच नको. सगळं वाचून झाल्यावरचं माझं मत मात्र असं आहे, की 'फी घेऊच नका' ही मागणी कोर्ट फेटाळेल. 'ठरल्यापेक्षा जास्त घेऊ नका, आवाराबाहेर घेऊ नका, सोडायला आलेल्याला पुरेसा वेळ द्या, जॅमर काढा' हे मागितलं तर ऐकून घेईल. त्यातल्या 'पुरेसा वेळ' या शब्दावर मात्र मी अडून बसेन. पाच मिनिटांत धडधाकट माणूस बॅग घेऊन उतरतो. म्हाताऱ्या मायला पाच मिनिटांत पुलाची पहिली पायरी येते. तिच्यासाठी फलाटापर्यंत जाणारा टॅक्सीवाला हा त्या वेळेपुरता रेल्वेचंच काम करत असतो. हा मुद्दा मी वकिलांनाही सांगितला. दुसऱ्या, फी घेणाऱ्या वकिलांना. त्यांनी तो वहीत लिहून घेतला. म्हणाले, याचिकेत एक परिच्छेद यावर टाकता येईल, दिव्यांग आणि ज्येष्ठ प्रवाशांच्या सोयीचा. म्हणजे माझे पैसे अगदीच वाया गेले नाहीत.

तिघांपैकी एकाचा काल परत फोन आला. अर्ज लिहून झालाय, पण खाली सही कुणी करायची यावर स्टँडवर दोन दिवस चर्चा चालू आहे. प्रत्येकाला भीती वाटते की उद्या आपल्याच गाडीला जॅमर बसेल. मी म्हणालो, माझ्या नावाने टाका. माहितीचा अर्ज कुणीही नागरिक करू शकतो, गाडी असायची गरज नाही. आता माझ्याकडे गाडी नाही, जॅमर कशाला लावतील? सायकलला?

तर अर्ज रविवारी कारध्याला माझ्या घरी येतोय, सोमवारी भंडाऱ्याच्या पोस्टातून जाईल. उत्तर आलं की त्यातला नकाशा आणि दरपत्रक मी याच ठिकाणी शब्दशः वाचून दाखवेन. तोवर तुमच्या स्टेशनवर किती मिनिटं फुकट देतात, ते फलकावर पाहून मला कळवा. फलकच नसेल तर तेही कळवा.

पाऊस वाढलाय, आवाज नीट येत नसेल. थांबतो. रामराम.